कातळपाड्याची गवतगाडी

दिवाळी सरली की गवत पिकतं, आणि मला शिसारी येते.

पिकलेलं गवत लोकांना फार आवडतं. माझी लेक घोडबंदर रोडला उंच इमारतीत राहते. नातवाला सांभाळायला मी तिच्याकडे जाऊन राहते, तेव्हा गॅलरीतून समोरचा डोंगर दिसतो. पावसाळ्यात हिरवागार, नवरात्रात पोपटी, आणि या दिवसांत पिवळा, उन्हात नुसता झळकणारा. वारा आला की सगळा उतार एकदम एका अंगाला कलतो. लेक म्हणते, "आई, बघ गं, सोनं सांडल्यासारखं दिसतंय." फोन काढून ती फोटो घेते. मी हसते आणि आत येऊन पोटऱ्या खाजवते. काही झालेलं नसतं. कातडी स्वच्छ असते. तरी खाजवल्याशिवाय राहवत नाही.

ज्यांनी हे गवत कापलं नाही, डोक्यावरून वाहिलं नाही, त्यांना ते सोनं वाटणारच. गवताला कुसळ असतं. केसासारखं बारीक, टोकाला सुईसारखं आणि अंगाला पीळ असलेलं. ते लुगड्यात शिरलं की बाहेर येत नाही, चालाल तसं आत आत सरकत जातं. घाम आला की ओलं होऊन वळतं आणि कातडीत फिरतं. संध्याकाळी बायका ओट्यावर बसून एकमेकींची कुसळं वेचायच्या. एक वाकून उभी राहायची, दुसरी तिच्या मांडीवरून, पाठीवरून बोटं फिरवायची. लाज वगैरे काही उरलेलं नसायचं. कुसळ निघालं तिथे पाण्याचा थेंब यायचा, दुसऱ्या दिवशी तिथे फोड. फोडावर धूळ, धुळीवर घाम, आणि सगळ्याला तो वास. सुक्या गवताचा वास गोड असतो म्हणतात. असतो, पहिल्या दिवशी. मग तो नाकात बसतो, घशात बसतो, भाकरीला येतो. शिंकरलं तर हिरवट काळं निघतं.

हे सगळं मी माझ्या आक्काच्या अंगावर पाहिलं, एका हंगामात. तुळशीची लग्नं लागली तिथपासून शिमग्यापर्यंत. आयुष्यात पुढे बरंच काही झालं, चांगलंही झालं, पण गवत पिवळं झालं की मला तेवढाच हंगाम आठवतो.

आक्का म्हणजे माझी थोरली बहीण, यशोदा. आम्ही कल्याणात राहायचो. बाबा मालधक्क्यावर हमाल होते. मालगाडीतून उतरलेली पोती, पेट्या, कांद्याचे ढीग आणि गवताच्या गासड्या पाठीवरून वाहायचे. आम्ही चौघी बहिणी, भाऊ नाही. बाबांना रेल्वे म्हणजे काय हे कुणी शिकवायला नको होतं. सगळा जन्म त्यांनी रुळांच्या कडेला काढला होता. हे मी मुद्दाम लिहिते, कारण पुढचं सगळं त्यावर आहे.

कल्याणच्या पलीकडे डोंगराच्या पायथ्याला कातळपाडा म्हणून गाव होतं. गावामागे सगळे उतार गवताचे. त्या वेळी मुंबई-कल्याणातल्या तबेल्यांना फार गवत लागायचं. मोठ्या लाईनीच्या कडेला एका शेटची गवताची वखार होती, तिथे गवत दाबून, तार बांधून गासड्या करायच्या आणि मालगाडीत भरायच्या. डोंगरापासून वखारीपर्यंत गवत बैलगाड्यांनी यायचं. वाट वाईट होती, चाकं रुतायची. मग शेटने कुठलीतरी बंद पडलेली दगडाची खाण शोधली, तिथले जुने अरुंद रूळ आणले आणि शेतांच्या बांधांवरून मातीचा भराव टाकून कातळपाड्यापर्यंत अंथरले. ज्यांच्या बांधावरून रूळ गेले त्यांना कुणी विचारलं नाही, आणि त्यांनीही विचारलं नाही. उलट नारळ फोडले.

इंजिन नव्हतं. हे नीट लक्षात ठेवायला हवं, कारण आता सगळे इंजिन होतं म्हणतात. लोखंडी सांगाड्याच्या ट्रॉल्या होत्या, एकीमागे एक साखळीने जोडलेल्या. गाव उंचावर, वखार खाली. भारे लादले की गाडी उतारावर आपोआप धावायची आणि मागच्या ट्रॉलीवर एक माणूस लाकडी दांडा चाकावर दाबून ती आवरायचा. तोच ब्रेक. वखारीत माल उतरला की रिकाम्या ट्रॉल्या वर न्यायच्या. त्या ढकलत न्यायच्या. ढकलायला बायका.

पण गावाला ते दिसतच नव्हतं. गावाला रूळ दिसले. आपल्या गावाला रेल्वे आली म्हणून कातळपाडेकरांनी काय करावं? त्यांनी फलाट बांधला. कुणी सांगितलं नव्हतं, कुणी पैसे दिले नव्हते. सगळ्या घरांनी मिळून डोंगरातून दगड आणले, गवंडी आणला, चांगला कमरेएवढा उंच फलाट उभा केला आणि वर मातीने सारवला. दोन टोकांना उतार काढले, कल्याणच्या फलाटाला असतात तसे. पाटी लावली, गावाचं नाव लिहून. दर हंगामाची पहिली गाडी सुटायची तेव्हा बायका फलाटावर उभ्या राहून तिला ओवाळायच्या, रुळाला हळदकुंकू लावायच्या. माणसं बसायला कधी डबा आला नाही, पण फलाट होता. फलाट आहे तर डबा आज ना उद्या येणारच, असं सगळं गाव बोलायचं. आणि त्यांचं बोलणं आजूबाजूच्या गावांनी ऐकलं. कातळपाड्याच्या मुलांना मुली सांगून येऊ लागल्या. स्टेशनचं गाव ना!

नामदेव भाऊजी त्या ब्रेकच्या दांड्यावर उभे राहायचे. शेटच्या मुकादमाने त्यांना एक खाकी सदरा आणि शिट्टी दिली होती, जनावरं रुळावर आली तर वाजवायला. बाबांनी स्थळ पाहिलं, गावी जाऊन आले, सगळं डोळ्यांनी पाहून आले. घरी येऊन आईला म्हणाले, "रेल्वेत आहे. गार्ड."

आई म्हणाली, "रेल्वेत? मग आपल्याकडे कसा काय आला?"

"माझी ओळख आहे. लाईनीतला माणूस लाईनीतल्या माणसाला नाही म्हणतो होय?"

शेजारच्या काकूंनी विचारलं, "कुठल्या लाईनीला आहेत जावई?" बाबा लगेच म्हणाले, "कातळपाडा लाईन." काकूंनी मान डोलावली. कातळपाडा लाईन माहीत नाही म्हणायची कुणाची छाती झाली नाही. मालधक्क्यावरचे बाबांचे सोबती लग्नात जेवायला आले होते, बाबा स्वतः पंगतीत बुंदी वाढत होते. त्यांना तर माहीत होतं, त्या वखारीच्या गासड्या ते रोज उतरवत होते. त्यांनी माना खाली घालून बुंदी खाल्ली, दुसऱ्यांदा मागून घेतली. ते चेहरे मला अजून आठवतात. हनुवटीला लागलेली बुंदी आठवते.

माझी चौथी झाली होती आणि मला पुढच्या वर्गात घातलं नव्हतं, म्हणून मी मोकळीच होते. मला आक्काची पाठराखीण म्हणून पाठवलं. नवरीबरोबर सासरी धाकटी बहीण जाते, चार दिवस राहते, परत येते, तशी. वखारीपर्यंत आम्ही चालत गेलो. तिथे रुळावर ट्रॉल्या उभ्या होत्या, वर भारे पसरले होते, भाऱ्यांवर सतरंजी.

आमच्या मामीने इकडेतिकडे पाहिलं. "डबा कुठे आहे?"

मुकादम मिशीत हसला. "हाच की. बसा, पहिला वर्ग आहे. गादी घातलीय."

वऱ्हाड खो खो हसलं. बायकांनी ढकलायला हात लावला आणि गाडी कुरकुरत चढू लागली. नवरीची वरात नवऱ्याच्या गावच्या बायका ढकलत नेत होत्या, आणि नवरा मागच्या ट्रॉलीवर खाकी सदऱ्यात, मुंडावळ्या बांधून उभा होता, मधूनमधून शिट्टी वाजवत. तो हसत नव्हता. त्याच्या चेहऱ्यावर असा अभिमान होता की मी नजर दुसरीकडे वळवली. आक्का खाली मान घालून बसली होती. शालूतून कुसळं आत शिरत होती, पण नवरीने खाजवायचं कसं? तिने माझा हात घट्ट धरला होता. अर्ध्या वाटेवर ती हळूच म्हणाली, "इंजिन पुढच्या स्टेशनला लागत असेल गं."

पुढे स्टेशन एकच होतं.

चार दिवसांसाठी गेलेली मी शिमग्यापर्यंत राहिले. घरी खाणारं तोंड कमी झालं म्हणून कुणी न्यायला आलं नाही. लग्नानंतर पाचव्या दिवशी सासूने आक्काला विळा दिला आणि ती गवत कापायला गेली. मग ट्रॉल्या ढकलायला लावलं. गार्डाची बायको गार्डाच्या गाडीला खांदा लावायची. मी पाणी घेऊन मागे चालायचे. उन्हाने लोखंड तापायचं, हाताला चटका नको म्हणून बायका तळव्यांना चिंध्या गुंडाळायच्या. चिंध्या ओल्या व्हायच्या, घामाने आणि फोडांच्या पाण्याने, संध्याकाळी त्या हातातून सोलून काढायला लागायच्या. त्या चिंध्यांचा वास मला आजही कशात तरी येतो. कधी बसमध्ये, कधी ओल्या पोछ्याला.

भाऊजी चांगले होते. हे लिहायला हवं. ते खोटं बोलले नव्हते. आपण रेल्वेत आहोत असं त्यांना खरंच वाटायचं. रोज सकाळी फलाटावर उभे राहून ते डोंगराकडे आणि वखारीकडे पाहून घ्यायचे, मग शिट्टी. मला म्हणायचे, "पोरी, पुढच्या वर्षी इंजिन येणार. शेट बोललाय." त्या माणसावर रागावता येत नव्हतं आणि त्यांच्याकडे बघवतही नव्हतं.

आणि तो फलाट! मातीने सारवलेला, ओवाळणीचा, पाटीवाला. त्याच्या मागच्या अंगाला सकाळी सगळा गाव परसाकडे बसायचा. आडोसा छान होता ना. पुढे हळदकुंकू आणि मागे ते. गाडी लादायला उभी राहिली की वारा यायचा आणि गवताचा वास, तेलाचा वास आणि तो वास एकत्र यायचा. कुणाला काही वाटायचं नाही. पाहुणे आले की त्यांना फलाट दाखवायला न्यायचे, नाकाला पदर न लावता.

शिमग्याच्या आधी एक दिवस मुकादम आला. हंगाम संपायचा होता, भारे अजून पडले होते. तो म्हणाला, रूळ उचलायचे. शेटला दुसरीकडे लागतात. ट्रकला परवडतं आता, रस्ता झालाय. त्या दिवशी मी जे पाहिलं त्यासारखं दुसरं काही पाहिलं नाही. फलाटापाशी गाडी उभी केली. तिच्या मागचे रूळ खिळे काढून मोकळे केले आणि त्याच गाडीवर चढवले. मग गाडी थोडी खाली सोडली. पुन्हा मागचे रूळ उपटले, पुन्हा तिच्यावर चढवले. गाडी आपलीच वाट खात खात खाली जात होती. उचलायला बायकाच होत्या, आक्काही होती. रुळाच्या एका टोकाला ती, दुसऱ्या टोकाला तिची जाऊ, आणि पुढे भाऊजी दांड्यावर उभे. त्यांना ब्रेक लावायचा होता. त्यांनी तो नीट लावला, शेवटपर्यंत. वखारीत पोहोचल्यावर मुकादमाने सदरा परत मागितला. शिट्टी राहिली, ती तो विसरला.

मागे मातीचा भराव तेवढा उरला. पहिल्या पावसात तो ज्याच्या त्याच्या शेतात वाहून गेला. पुढे भाऊजी वीटभट्टीवर गेले, खोकत गेले, लवकरच गेले. गवताची धूळ छातीत बसली होती.

मी मोठी झाले तशी बाबांचं नाव निघालं की माझं तोंड कडू व्हायचं. ते वारले तेव्हाही मी पुरती रडले नाही. आक्का रडली. सगळ्यांपेक्षा जास्त तीच रडली. मी तिला एकदा विचारलं होतं, राग येत नाही का तुला? ती म्हणाली, "कसला राग? चार पोरी गो त्यांना. जीव मारून बोलले असतील. त्यांना माहीत होतं ना सगळं, म्हणून तर जास्त जड गेलं असेल. जीभ कशी उचलली असेल त्यांनी!" जन्मभर तिने एवढंच धरून ठेवलं. आपल्याला फसवलं खरं, पण फसवणारा आतून तुटला होता. तिला दुसरं काही मिळालंच नाही, तेव्हा मी ते कधी तिच्याकडून काढून घ्यायला गेले नाही. मनात मात्र म्हणायचे, तुटला कसला, बुंदी वाढत होता.

यंदा गवत पिकलं आणि आक्काच्या मुलाचा, दिनेशचा फोन आला. आक्का त्याच्याकडे राहते, कल्याणला. त्याचं जमिनीचं काम आहे, म्हणजे याची जमीन त्याला दाखवणं. कातळपाड्याच्या जागेवर एका बिल्डरने मोठं संकुल बांधलंय, त्यातही त्याचा हात होता. तिथे उद्घाटन होतं.

"मावशी, तू पण ये. सॉलिड केलंय सगळं. रेल्वे थीम आहे. आईचा सत्कार ठेवलाय, रेल्वे फॅमिली म्हणून. ती दोन वाक्यं बोलेल."

"काय बोलेल?"

"काय म्हणजे? बाबा गार्ड होते, ती पहिल्या गाडीतून नवरी होऊन आली. बस."

मी म्हटलं, "दिनेश, इंजिन नव्हतं रे."

तो हसला. "मावशी, तुम्हा लोकांना ना स्वतःची किंमत कळत नाही."

मला माणसांत बोलता येत नाही, फोनवर तर नाहीच. पण त्या दिवशी मी डोंबिवलीच्या माझ्या घरून बस धरून आक्काकडे गेले. ती भाजी निवडत बसली होती. मी तिला म्हटलं, जाऊ नकोस. तिने हातातली जुडी निवडून संपवली. मग म्हणाली, "त्याला दुकान देणार आहेत तिथे. मी नाय गेले तर तोंड फिरवून बसेल घरात. मला इथेच राहायचंय ना."

"पण तू ते तोंडाने बोलणार? आक्का, तेच खोटं, तुझ्या तोंडाने?"

तिने मेथीची काडी मोडली. "जमणार नाय मला. बघशील तू. जीभच उचलणार नाय. मग घेऊन येतील खाली."

तिला तसं व्हायला हवं होतं, हे मला दिसलं. आपली जीभ अडखळली म्हणजे बाबांचीही अडखळली असणार, हे तिला एकदाचं पाहून घ्यायचं होतं.

दिनेशच्या गाडीतून आम्ही गेलो. तो सगळा वेळ मावा चघळत होता आणि पाण्याच्या बाटलीत थुंकत होता. बाटली अर्धी भरली होती, लाल, वर फेस. वळणावर ती हिंदकळायची आणि मी खिडकीबाहेर बघायचे. बाहेर कुठेच डोंगराचा पायथा उरला नव्हता.

आत गेल्यावर सगळ्यांत आधी फलाट दिसला. नवा, गुळगुळीत फरशीचा, वर लोखंडी खांब आणि जुन्या पद्धतीचे दिवे. फायबरचं काळं इंजिन उभं होतं, त्यातून मशिनीने पांढरा धूर सोडत होते. त्याच्यामागे दोन लाल डबे, मुलांना बसायला. बाजूला नऊवारीतल्या बायकांच्या बाहुल्या होत्या, गोऱ्या, ओठांना रंग, कमरेवर गवताची पेंढी धरलेल्या. हात मऊ, चिंधी नाही. खाली गवत प्लास्टिकचं. आणि सगळीकडे एक अत्तर फवारलं होतं, सुक्या गवताच्या वासाचं. मी इतकी वर्षं ज्या वासापासून पळाले तो बाटलीत भरून, साखर घालून माझ्या नाकावर मारत होते. एका खांबाला धरून मी उभी राहिले. एक बाई आपल्या मुलाला सांगत होती, "बघ, पूर्वी इथून ट्रेन जायची. किती पीसफुल असेल ना?"

एका मुलीच्या हातात माईक होता. गोड मुलगी, तिचा काय दोष. तिने आक्काला हिरवं निशाण दिलं आणि वाकून म्हणाली, "आजी, घाबरायचं नाही हं. मनातलं बोला."

आक्का व्यासपीठावर चढली. नवी साडी, अंगावर शाल. मी खाली होते आणि मनात म्हणत होते, अडखळ. आक्का, अडखळ. गप्प राहा. घेऊन येऊ दे तुला खाली.

तिने माईक धरला. एकदा खाकरली.

"माझे मालक या लाईनीचे गार्ड होते," ती म्हणाली. टाळ्या पडल्या. तिने थांबून टाळ्या संपू दिल्या, सवय असल्यासारखं. "लग्न झालं आणि मला गाडीतूनच आणली. पहिल्या वर्गाचा डबा होता. खिडकीपाशी बसवलेली. इंजिनाचा असा पांढरा धूर यायचा, की डोंगर दिसायचा नाय. गाडी सुटायच्या वेळेला हे निशाण दाखवायचे आणि मी घरातून ऐकायची, शिट्टी झाली, आता गाडी गेली. मग चुलीवर चहा ठेवायची. खाली पोहोचून परत यायला यांना वेळ लागायचा ना."

लोक हसले. त्या मुलीने डोळे पुसले. आक्काने निशाण हलवलं, फायबरच्या इंजिनाने भोंगा दिला, मुलं ओरडली. दिनेश पुढे बसून मोबाईल वर धरून सगळं काढत होता, गालात मावा तसाच. सांगितली होती दोन वाक्यं. चहा कुणी सांगितला नव्हता. धूर कुणी सांगितला नव्हता.

नंतर बायकांनी तिला गराडा घातला, फोटो काढले, कुणी पाया पडल्या. मातीच्या ताटल्यांतून झुणका-भाकर वाटत होते. मी काही खाल्लं नाही. मला तिचाही राग आला होता. इतकी किळस मला बाबांचीसुद्धा आली नव्हती. थोड्या वेळाने ती दिसेना, म्हणून मी शोधत गेले. ती ऑफिसच्या मागच्या बेसिनपाशी होती. नळ सोडून चुळा भरत होती. एक भरायची, थुंकायची, दुसरी भरायची.

मी मागे उभी राहिले. तिने आरशात मला पाहिलं.

"नाय अडखळले गो," ती म्हणाली.

तिने आणखी एक चूळ थुंकली.

"एक शब्द अडला नाय. मला वाटलं होतं, घाम फुटेल, पाय लटपटतील. काय नाय. आपसूक येत गेलं. त्या बायका बघत होत्या ना माझ्याकडे, तेव्हा अजून सांगावंसं वाटत होतं." ती वळली. तोंड ओलं होतं, हनुवटीवरून पाणी गळत होतं. "बरं वाटत होतं मला. एवढं सोपं असतं होय?"

तिला काय कळलं ते मला कळलं. आणि जन्मभर ज्या माणसाबद्दल माझ्या तोंडून चांगला शब्द निघाला नाही, त्याची बाजू घ्यायला मीच पुढे झाले. तिचा हात धरला. "आक्का, तुझं वेगळं, त्यांचं वेगळं. त्यांची तू लेक होतीस. त्यांना जड गेलं असेल गं."

"नाय गेलं," आक्का म्हणाली.

बाहेरून दिनेशची हाक आली, "आई! अगं कुठे आहेस? साहेबांना अजून एक फोटो हवाय, इंजिनापाशी."

आक्काने पदराने तोंड पुसलं, नळ बंद केला. "आले रे," असं तिने मोठ्याने सांगितलं आणि माझा हात सोडवून घेतला.